सीलबंद कानस

मी एक जुनी, तिकोनी कानस आहे. मित्रांनो, आधीच सांगून ठेवते, माझं बोलणं थोडं खरखरीत लागेल. अंगभर दात घेऊन जन्मलेलीकडून गोड गोड बोलण्याची अपेक्षा कुणी करू नये. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी मला पाहिलंही नसेल. वीतभर लांबीची पोलादी कांडी, तिला तीन बाजू आणि तिन्ही बाजूंवर बारीक तिरपे दात. लोखंड असो की पितळ, घासून आकाराला आणायचं हे माझं काम. पूर्वी तुमच्या घराच्या किल्लीला ज्या खाचा असत, त्या माझ्यासारखीनेच पाडलेल्या असत. आता ते काम यंत्रं करतात. करोत बापडी.

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. तिथे आधी आमच्या मऊ अंगावर दात पाडले, मग लालबुंद होईपर्यंत तापवलं आणि एकदम पाण्यात बुडवलं. त्या एका बुडीत आम्ही कडक झालो. पण जितक्या कडक, तितक्याच ठिसूळ. फरशीवर आपटलं तर आमचे दोन तुकडे होतात. लोकांना वाटतं, लोखंडाची वस्तू, तिला काय धाड भरली आहे! म्हणून मला कुणी हळुवारपणे उचललं की आजही बरं वाटतं.

मला तसं उचलणारा माणूस पहिल्याच दुकानात भेटला. तो कुलपं-किल्ल्यांचा कारागीर होता. पुढे सगळा बाजार त्याला किल्लीकाका म्हणू लागला, पण तेव्हा तो कुणाचाच काका नव्हता, नुकतीच मिसरूड फुटली होती. त्याने दहा कानशी पाहिल्या, प्रत्येकीवरून अंगठ्याचं नख फिरवलं आणि मला निवडलं. घरी नेऊन त्याने मला लाकडाची मूठ बसवली. त्या मुठीवर त्याचा अंगठा रोज एकाच जागी टेकायचा. वर्षं गेली तसा तिथे एक छोटासा खळगा पडला. तो खळगा म्हणजे माझी सगळ्यात मोठी कमाई.

आमचं दुकान म्हणजे पोस्टाच्या जिन्याखालची जागा. एक स्टूल, एक पेटी आणि खिळ्यांना टांगलेल्या कोऱ्या किल्ल्या. हरवलेल्या किल्लीची नवी किल्ली करताना किल्लीकाका कोरी किल्ली कुलपात घालून हलकेच पिळायचा, बाहेर काढून उजेडात धरायचा, आणि जिथे इवलासा ओरखडा दिसेल तिथे मला दोनदा फिरवायचा. पुन्हा आत, पुन्हा बाहेर. असं वीस-पंचवीस वेळा. मग एक क्षण यायचा की कुलूप टक् करून उघडायचं. दाराबाहेर ताटकळलेल्या माणसाचा चेहरा खुलायचा. लोक किल्लीकाकाला शाबासकी द्यायचे. मला कुणी देत नसे, पण काका पेटीत ठेवण्याआधी मला ब्रशने झाडायचा आणि तेलाचं बोट फिरवायचा. मला तेवढं पुरे होतं.

काकाची एक रीत होती. किल्ली तयार झाली की तिच्या डोक्यावर तो माझ्या टोकाने दोन बारीक खाचा पाडायचा. ही शिकवण त्याच्या उस्तादाची. किल्ली उद्या अडकली, वाकली, तर माणसाला कळायला हवं की जाब कुणाला विचारायचा. दोन खाचांची किल्ली घेऊन कुणी परत आलं तर काका ती निमूटपणे दुरुस्त करून द्यायचा. काकू, म्हणजे त्याची बायको, त्याला चिडवायची, "अहो, चित्रकार असल्यासारख्या सह्या कसल्या करता?" तो हसायचा आणि पुढची किल्ली घ्यायचा.

त्याच दोन खाचांनी आमचा घात केला. त्या मी पाडल्या होत्या, हे मी विसरू शकत नाही.

झालं असं. एका दुपारी एक नर्सबाई आल्या. त्यांचे वडील वारले होते. आई त्यांच्याकडे राहायला आली होती आणि आईचे कपडे, चष्मा, औषधांचे कागद जुन्या घरात अडकले होते. थोरल्या भावाने घराला नवं कुलूप लावलं होतं आणि तो फोन उचलत नव्हता. काका मला घेऊन त्यांच्यासोबत त्या घरी गेला. तिथे पोचल्यावर त्याने विचारलं, "बाई, घर तुमचंच ना?" त्या म्हणाल्या, "याच घरात मी लहानाची मोठी झाले, काका." तरी काकाने शेजारच्या दोघांना बोलावून दारात उभं केलं आणि त्यांच्यासमोर, भर उजेडात किल्ली केली. खाचा पाडल्या. बाईंनी एक पिशवी भरली, कुलूप पुन्हा लावलं, आणि आम्ही दुकानात परतलो.

भावाला कळलं तेव्हा त्याचं डोकं फिरलं. बहीण-भावात घरावरून आधीच विस्तव जात नव्हता. त्याने पोलिसांत तक्रार दिली, की कुलूप उघडून वडिलांचे महत्त्वाचे कागद चोरले. बाईंकडची किल्ली जप्त झाली. शिपाई ती बाजारात घेऊन फिरला, "ही खूण कुणाची?" बाजाराने भाबडेपणाने जिन्याखाली बोट दाखवलं. बाई झाल्या आरोपी क्रमांक एक आणि आमचा काका आरोपी क्रमांक दोन. पंचनामा झाला. ती किल्ली आणि मी, दोघींना एका कापडात शिवलं, वर लाखेचं सील ठोकलं आणि चिठ्ठी चिकटवली. काका एवढंच म्हणाला, "साहेब, तिला ओल लागू देऊ नका."

त्या दिवसापासून माझं नाव कानस राहिलं नाही. मी मुद्देमाल झाले. मुद्देमाल म्हणजे खटल्यातली वस्तू, जी निकाल लागेपर्यंत कुणाचीच नसते.

मुद्देमालाची खोली कोर्टाच्या मागच्या बाजूला होती. तिथे एक सायकल होती, एक शिवणयंत्र होतं, एक इस्त्री होती, आणि आपापल्या घराची वाट पाहणारी बरीच बोचकी होती. खोलीचा कारकून धुळीने सतत शिंकायचा, म्हणून मी मनातल्या मनात त्याचं नाव शिंकोबा ठेवलं. माणूस वाईट नव्हता. शिंक आली की आम्हालाच "माफ करा हं" म्हणायचा. पण खोलीच्या एका भिंतीला ओल होती आणि आमचं फडताळ नेमकं त्याच भिंतीला होतं.

मित्रांनो, वाट पाहणं म्हणजे काय ते मी त्या फडताळावर शिकले. कापडाच्या आत अंधार. पायांचा आवाज आला की वाटायचं, काका आला. आला नाही. पहिलं वर्ष मी रोज त्याच्या अंगठ्याची आठवण काढली. दुसऱ्या वर्षी मला घासण्याचा आवाज आठवेना, आणि त्या दिवशी मला जेवढं रडू आलं तेवढं जप्तीच्या दिवशीही आलं नव्हतं. तिसऱ्या वर्षी अंगाला खाज सुटल्यासारखं झालं. तो गंज होता.

चौथ्या वर्षी एकदाचं मला कोर्टात नेलं. साक्षीदाराला वस्तू दाखवायच्या होत्या. सील फोडलं आणि चार वर्षांनी मी उजेड पाहिला. समोर आरोपीच्या पिंजऱ्यात काका उभा होता. केस पिकले होते, चष्मा लागला होता. साक्षीदार आलाच नाही, तो गाव सोडून गेला होता. मला परत बांधायला घेतलं तेव्हा काका न राहवून पुढे झाला.

"साहेब, तिला गंज चढतोय. एक थेंब तेल लावू का?"

न्यायाधीश समजावणीच्या सुरात म्हणाले, "काका, ती आता तुमची नाही, पुरावा आहे. पुराव्यात काही बदल करता येत नाही."

काकाचा हात माझ्यापासून चार बोटांवर होता. त्याने तो मागे घेतला आणि सदऱ्याला पुसला, तेल लागलेलं नसताना. तो पुसण्याचा आवाज मी पुढची कित्येक वर्षं ऐकत राहिले.

बाहेर काय चाललं होतं ते मला पुढे तुकड्यातुकड्याने कळलं. खटला चालू असलेल्या माणसाला किल्ल्या करायचा परवाना मिळत नाही. जिन्याखालची जागा रिकामी झाली. काका एका हार्डवेअरच्या दुकानात खिळे-मोळे मोजून द्यायला लागला. तिथे कुलपंही विकायला होती, पण मालकाने सांगून ठेवलं होतं, "तेवढं कुलपांच्या कपाटाकडे जाऊ नका. लोक बोलतात." काकाने कधी उलट उत्तर दिलं नाही. डॉक्टरांनी सांगितलं की डोळ्यांत मोतीबिंदू उतरतोय आणि नजर पूर्वीसारखी राहणार नाही. तेव्हापासून त्याला एकच ध्यास लागला, की दिसतंय तोवर आपल्या हाताने पुन्हा किल्ली करायची, आपल्या नावाने.

सहाव्या वर्षी एक नवल घडलं. तक्रार करणारा भाऊ आजारी पडला आणि त्याला दाखल केलं ते बहिणीच्याच वॉर्डात. दोन महिने तिने त्याचं सगळं केलं. रागाचं पाणी पाणी झालं. हरवलेले कागदही सापडले, वडिलांच्याच दुसऱ्या कपाटात, ज्याला कुणी हातच लावला नव्हता. बहीण-भाऊ दोघं मिळून खालच्या कोर्टात गेले आणि म्हणाले, आमचं भांडण मिटलं, खटला बंद करा.

न्यायाधीश म्हणाले, "तुमचं मिटलं, चांगलं झालं. पण एकदा खटला उभा राहिला की तो तक्रारदाराचा राहत नाही, सरकारचा होतो. या कलमांचा खटला असा मागे घेऊ द्यायचा अधिकार मला नाही. वरच्या कोर्टात जा."

म्हणजे ज्यांचं भांडण, ते एका ताटात जेवायला लागले, आणि भांडणाशी काडीचा संबंध नसलेला आमचा काका तारखांना चकरा मारत राहिला.

त्यांना एक वकीलबाई भेटल्या. वयाने लहान, बोलायला सडेतोड. त्यांनी सांगितलं की वरच्या कोर्टाकडे अर्ज करता येतो, की हा खटला पुढे चालवण्यात काही अर्थ उरलेला नाही, तो इथेच रद्द करा. बाई आणि भाऊ लगेच तयार झाले. अडून बसला तो काका.

"त्यांनी माफ केलं म्हणून मी सुटायचं? मी केलंय काय माफ करायला? मी पूर्ण खटला लढवीन आणि निर्दोष म्हणून बाहेर येईन."

वकीलबाई म्हणाल्या, "काका, याच वेगाने चाललं तर निकालाला आणखी दहा वर्षं लागतील."

काका बधेना. तेव्हा काकू बोलली. ती एरवी चेष्टेत बोलायची, त्या दिवशी नाही. "अहो, दहा वर्षांनी निर्दोष ठराल, पण किल्लीचं भोक दिसणार आहे का तुम्हाला?" शेवटी काका म्हणाला, "अर्जात एवढं लिहा की मी चोरासारखं काम केलेलं नाही. ते लिहिणार असाल तर सही करतो." वकीलबाईंनी तसं लिहिलं.

अर्ज वरच्या कोर्टात दीड वर्ष पडून होता. मग एक दिवस फर्मान आलं, मूळ कागदपत्रं आणि मुद्देमाल हजर करा. शिंकोबा चक्रावला. "अशा अर्जात वस्तू कधी मागवत नाहीत," तो शिंकत म्हणाला. तरी त्याने माझं बोचकं झटकलं आणि एका शिपायाच्या हवाली केलं. बसमधून, शिपायाच्या मांडीवर बसून, मी वरच्या कोर्टात गेले.

ती खोली उंच होती आणि तिथे सगळे हळू बोलत. सील फोडलं. वयस्कर न्यायमूर्तींनी किल्ली हातात घेतली, भिंगातून पाहिली, मग मला पाहिलं, माझं टोक त्या दोन खाचांवर टेकवलं. बरोबर बसलं. वाटलं, झालं, आता आणखी एक गुन्हा माझ्या नावावर.

न्यायमूर्ती सरकारी वकिलांना म्हणाले, "ही खूण आरोपीची आहे, हे तुमच्याच पंचनाम्यात आहे. चोरीला मदत करणारा माणूस किल्लीवर आपली खूण कशाला पाडेल?"

सरकारी वकील म्हणाले, "साहेब, हाताला सवय असते. सवयीने पाडली असेल."

"सवयीने पाडली असेल तर हा माणूस लपवून काम करतच नाही, असाच अर्थ होतो." न्यायमूर्तींनी भिंग खाली ठेवलं. "भर दुपारी, शेजाऱ्यांसमोर, स्वतःची खूण पाडून. मुळात यात खटला उभा राहायलाच नको होता."

तक्रारदार भाऊ आपणहून उठला. हात जोडून म्हणाला, "मी रागाच्या भरात तक्रार दिली, साहेब. या काकांचं नावही मला तेव्हा माहीत नव्हतं." मग न्यायमूर्तींनी निकाल सांगितला. खटला रद्द. जप्त वस्तू ज्यांच्या त्यांना परत.

काका मागच्या बाकावर बसला होता. त्याला नीट ऐकू आलं नाही. वकीलबाईंनी जवळ जाऊन सांगितलं, "काका, संपलं. चोरासारखं काम नाही, असंच म्हणाले ते." काकाने चष्मा काढला, पुसला, परत घातला आणि विचारलं, "मग तिला आजच घरी नेऊ?"

तसं होत नाही, मित्रांनो. निकाल वरून खाली यायला, त्याच्यावर शिक्के पडायला आणखी सात महिने गेले. तोवर मी पुन्हा त्याच ओल्या भिंतीशी. या सात महिन्यांत मला जेवढी घाई झाली तेवढी आधीच्या आठ वर्षांत झाली नव्हती. आता सुटका ठरलेली होती आणि गंज मात्र थांबायला तयार नव्हता.

अखेर काका आला. सोबत काकू. शिंकोबाने बोचकं टेबलावर ठेवलं, कापड उसवलं आणि मी बाहेर आले. मी स्वतःला पाहिलं नव्हतं, पण काकाचा चेहरा पाहिला. माझ्या तिन्ही बाजू तांबूस झाल्या होत्या. त्याने अंगठ्याचं नख माझ्यावरून फिरवलं, जसं पहिल्या दिवशी दुकानात फिरवलं होतं. नख कुठेच अडकलं नाही. दात गेले होते.

शिंकोबाने मोठी वही पुढे सरकवली. पानावर आधीच छापलेलं होतं, 'माल सुस्थितीत मिळाला'. खाली सहीची जागा.

काका म्हणाला, "ही सुस्थितीत नाही हो. गंजलीय. तसं लिहितो."

शिंकोबा कसानुसा झाला. "काका, तसं लिहिलंत तर चौकशी लागेल. कुणाच्या ताब्यात असताना गंजली, कशी गंजली. चौकशी संपेपर्यंत कानस इथेच ठेवावी लागेल. मलाही कळतंय, पण माझ्या हातात काही नाही."

"किती दिवस?"

शिंकोबाने नुसतं पेन पुढे केलं. त्याला शिंकही आली नाही.

काका पेन धरून उभा राहिला. आपण खोटं काही केलेलं नाही, एवढंच तो नऊ वर्षं सांगत आला होता, पोलिसांना, मालकाला, दोन कोर्टांना. ती एक गोष्ट त्याने कुणाला हिरावू दिली नव्हती. मला ओरडून सांगायचं होतं, नको रे बाबा, मला राहू दे इथे, नाही तरी माझ्यात आता काय उरलंय! पण कानशीचं कोण ऐकतं? त्याने वाकून, डोळे बारीक करून, छापलेल्या ओळीखाली सही केली.

पायऱ्या उतरताना काकूने विचारलं, "खरं लिहिलंत ना?"

"नाही," काका म्हणाला. त्याने मला रुमालात गुंडाळलं होतं आणि रुमालातूनच त्याचा अंगठा मुठीवरच्या खळग्यात टेकला होता. "तिला तिथे ठेवून यायला माझे पाय उचलेनात गं."

काकूने त्याचा दंड धरला आणि दोघं खाली उतरले.

आता काकाला परवाना मिळाला आहे. जिन्याखाली दुसरं कुणी बसतं, म्हणून तो बाजाराच्या टोकाला बसतो. दिसतं थोडं कमी, पण बोटांना आठवतं. पहिल्याच दिवशी त्याने मला तेल लावलं आणि एका पितळी किल्लीवर फिरवलं. मी तिच्यावरून नुसती घसरत राहिले. त्याने पुन्हा फिरवलं. मग थांबला, मला पेटीच्या झाकणात मऊ फडक्यावर ठेवलं आणि नवी कानस काढली. नवी गुणी आहे, मन लावून काम करते. मी तिचा हेवा करत नाही असं म्हणाले तर ते खोटं होईल. गिऱ्हाईक नसलं की काका मला हातात घेऊन नुसता बसतो. तेवढा वेळ मी वाट पाहत नाही.

मित्रांनो, उद्या तुम्ही मोठे व्हाल. तुमच्यातलं कुणी पोलीस होईल, कुणी कारकून, कुणी न्यायाधीश. तुमच्या फडताळावर कुणाची तरी वस्तू असेल, कुणाचं तरी नाव अडकलेलं असेल. ते ओल्या भिंतीशी ठेवू नका. शंका आली तर जरूर विचारा, पण उत्तर मिळाल्यावर सोडायला उशीर करू नका. आणि परत देताना तुमची वही आधीच छापून ठेवू नका. आमच्या काकाने आयुष्यात एकच खोटं लिहिलं आहे, आणि ते त्याला निर्दोष ठरल्यावर लिहावं लागलं.